मामाला झालेली ऑपरेशनं

गावात सगळ्यात जास्त दुखणी कुणी भोगली, असं विचारलं असतं तर लहान पोरानेही दवाखान्याकडे बोट दाखवलं असतं. तिथला ट्रॉलीवाला मामा साथीच्या तापातून उठला होता, दोन्ही पाय मोडून पुन्हा उभा राहिला होता, त्याच्या खांद्यात लोखंडी पट्टी होती, दोन्ही डोळ्यांत भिंगं होती आणि घरी सात मुलं होती. एवढं सोसून गडी ठणठणीत. गालावर लाली, आवाज खणखणीत, जेवण दोन माणसांचं. लोक कौतुकाने माना डोलवायचे.

खरं सांगायचं तर मामाला जन्मात साधी सुईसुद्धा टोचलेली नव्हती. सुई दिसली की त्याच्या तळपायाला घाम सुटायचा. दवाखान्यात नोकरांना लस टोचायचा दिवस आला की तो हमखास पाण्याच्या टाकीमागे काहीतरी दुरुस्त करत असायचा. तरीही सगळ्या गावाच्या दुखण्यांना धीर देण्याचं काम याच माणसाने जन्मभर केलं.

याची सुरुवात दवाखान्याच्या सुरुवातीपासूनच झाली. गावाबाहेरची ती लांबलचक बैठी इमारत आधी तापाच्या रोग्यांना वेगळं ठेवण्यासाठी बांधली होती. खिडक्या उंच, म्हणजे आतल्याने बाहेर बघू नये आणि बाहेरच्याने आत. दाराशेजारी भिंतीत एक झरोका, त्यातून जेवण आत सरकवायचं आणि हात लगेच मागे घ्यायचा. तिथे नोकरी करायला कुणी तयार होईना म्हणून तरण्याबांड मामाला ती मिळाली. पहिल्याच आठवड्यात एका जवान रोग्याने त्याचा हात धरला आणि रडत विचारलं, "मी मरणार का हो?" मामाची स्वतःचीच बोबडी वळली होती. तोंडातून निघून गेलं, "छे! मलाही हाच ताप आला होता. मेलोय का मी?" त्या रोग्याने मामाला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं, हात सोडला आणि भिंतीकडे तोंड करून शांत झोपला. पुढे तो बराही झाला. मामाला वाटलं, अरे, हे तर औषधापेक्षा स्वस्त आणि मस्त! तिथे जी खोड लागली ती लागलीच.

ताप ओसरला, पण इमारत राहिली. पाडायची कशाला, म्हणून तिथे बाळंतपणाचा दवाखाना आला. भिंतींना चुना लागला, छताला पाळण्यांचे हूक लागले, एका भिंतीवर रंगाऱ्याने गुबगुबीत बाळ काढलं. ज्या झरोक्यातून जेवण सरकवायचे त्याच झरोक्यातून आता नवं बाळ बापाला दाखवायचे. इथे मामाची पंचाईत झाली. बाळंतपण मलाही झालंय, असं काही त्याला म्हणता येईना. मग त्याने व्हरांड्यात येरझारा घालणारे बाप हाताशी धरले. "मला सात आहेत," तो सांगायचा. "साती वेळा असाच घाम फुटला. आत सगळं बरं असतं, बाहेरच जास्त त्रास होतो." बाप सुस्कारा सोडून बाकावर बसायचे. घरी मामाला मुलगी एकच होती. तिला शाळेत घातलं तेव्हा मास्तरीणबाईंनी प्रेमाने विचारलं, "बाकीची सहा भावंडं कुठे शिकतात गं?" मुलगी घरी येऊन भोकाड पसरून रडली, की माझी भावंडं कुठे लपवलीत? मामीने त्या दिवशी मामाची जी खरडपट्टी काढली ती शेजाऱ्यांनी भिंतीला कान लावून ऐकली.

मग डोंगरापलीकडे दगडाची खाण निघाली आणि गावात बाळांपेक्षा मोडके हातपाय जास्त येऊ लागले. दवाखाना हाडांचा झाला. पाळण्यांचे हूक आयते होतेच, त्यांना दोऱ्या बांधून प्लास्टरातले पाय टांगले. भिंतीवरचं बाळ पुसायला कुणाला सवड झाली नाही. दाढ्या वाढलेले खाणकामगार महिना महिना पाय वर करून त्या बाळाकडे बघत पडून राहायचे. मामा त्यांच्यासाठी लंगडू लागला. लंगडणं चांगलं जमायचं, फक्त कुठला पाय ते त्याच्या लक्षात राहायचं नाही. एकदा प्लास्टरात पडलेल्या सुताराने हटकलं, "मामा, काल तर डावा होता." मामा क्षणभर थबकला आणि गंभीरपणे म्हणाला, "दोन्ही मोडले होते. आळीपाळीने दुखतात." सुताराच्या डोळ्यांत पाणी आलं. आपला एकच मोडला याची त्याला लाज वाटली.

खाण बंद पडली, तसा दवाखाना डोळ्यांचा झाला. डोळ्यांच्या डॉक्टरीणबाई आल्या. चष्मा कपाळावर ठेवून तोच शोधत फिरणाऱ्या, पण हाताला फार हलक्या. गावातले म्हातारे रांगेने मोतीबिंदू काढून भिंगं बसवून गेले आणि एकूण एक जण मामाच्या ट्रॉलीवरून गेला. "माझे दोन्ही झालेत," मामा वाकून कानात सांगायचा, "डाव्याच्या वेळी तर मला मध्येच डुलकी लागली." तुम्ही काही म्हणा, पण ऑपरेशनच्या खोलीच्या मोठ्या दाराशी पोचेपर्यंत माणसाचा थरकाप थांबलेला असायचा. बाईंनाही ते ठाऊक होतं. याचं ऑपरेशन कुठल्यातरी दुसऱ्या गावी झालं असणार, अशी त्यांची समजूत होती.

आणि अशात मामाच्या स्वतःच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरला.

त्याने वर्षभर कुणाला कळू दिलं नाही. व्हरांडा त्याच्या पायाखालचा होता, त्यामुळे निभावून जायचं. भिंतींना ट्रॉलीचे पोचे पडू लागले तेव्हा त्याने चाकांना दोष दिला. पण एके सकाळी धोब्याने धुवायच्या चादरींचं भलंमोठं गाठोडं ट्रॉलीवर ठेवलं आणि तो उरलेल्या चादरी आणायला गेला. मामा आला, ट्रॉली भरलेली दिसली, त्याने ती ढकलायला सुरुवात केली. व्हरांडाभर तो गाठोड्याला धीर देत गेला. दोन्ही डोळ्यांची गोष्ट सांगितली, डुलकीची सांगितली, मायेने थोपटलंसुद्धा. ऑपरेशनच्या खोलीच्या दारात सिस्टरने विचारलं, "मामा, पेशंट कुठाय?"

"हा काय," मामा म्हणाला. "जरा अबोल आहे, पण घाबरलेला नाही."

सिस्टर भिंतीला धरून हसली. बाई मात्र हसल्या नाहीत. त्यांनी मामाला खुर्चीत बसवलं, आणि बॅटरी लावून डोळे पाहिले.

"मामा, या डोळ्यांना कुणी हातसुद्धा लावलेला नाही."

मामाने मान खाली घातली.

"दोन्ही मोतीबिंदू पिकलेत. आणखी थांबलात तर मला काही करता येणार नाही. आणि असं असताना ट्रॉली मी तुमच्या हातात देऊ शकत नाही. आज गाठोडं होतं, उद्या माणूस असेल. महिना संपायच्या आत ऑपरेशन करून घ्या, नाहीतर घरी बसा."

"करतो बाई. पण कुणाला सांगू नका," मामा म्हणाला. बाईंनी कबूल केलं.

घरी मामीने ऐकलं आणि ती म्हणाली, "मग करून घ्या की. अहो, रोज दहा जणांना आत ढकलता!"

"ढकलणं वेगळं गं."

"सांगून टाका सगळ्यांना, थापा मारल्या म्हणून. जीव तर जात नाही?"

"अगं, लोक माझ्या भरवशावर आत गेलेत. आता तोंड कसं दाखवू?" मग थोड्या वेळाने तो हळूच म्हणाला, "आणि मला भीती वाटते. फार वाटते." मामी आणखी बोलणार होती, पण त्याचा चेहरा पाहून तिने फक्त त्याच्या पुढ्यातलं ताट जवळ सरकवलं, कारण तो केव्हाचा टेबलावरच घास शोधत होता.

एवढं झाल्यावर माणसाने गप्प बसावं की नाही? पण मामा दुसऱ्या दिवशी दाढी करायला न्हाव्याकडे गेला. न्हाव्याचे डोळे बाईंनीच केलेले, त्यामुळे त्याला आता नको ते सगळं दिसायचं. "मामा," वस्तरा चालवता चालवता तो म्हणाला, "डोळ्यांत औषध घातलंय वाटतं? काल बाईंनी तपासलं म्हणे. दोन्ही झालेत ना तुमचे?"

मामाच्या गळ्यावर वस्तरा होता. अशा वेळी माणसाला जे सुचतं ते फारसं शहाणपणाचं नसतं.

"झालेत रे. पण भिंगाची मुदत संपली."

वस्तरा जागच्या जागी थांबला. "मुदत असते?"

"असतेच की," मामा म्हणाला. एकदा थाप मारली की ती नीट बसवून द्यायची त्याची पद्धत होती. "दहा-बारा वर्षं चालतात. मग धुरकटतात. मग नवी घालायची."

न्हाव्याने अर्धी दाढी तशीच ठेवून आरशात स्वतःचे डोळे पाहिले. संध्याकाळपर्यंत त्याच्या खुर्चीत बसलेला प्रत्येक माणूस, त्या माणसाची बायको, तिच्या मैत्रिणी आणि त्यांच्या घरचे सगळे आपापले डोळे आरशात पाहू लागले होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी दवाखान्याच्या फाटकाशी जत्रा लोटली. पोस्टातून निवृत्त झालेले पोस्टमनकाका एक डोळा घट्ट मिटून आले होते. जेवढं वापरू तेवढं लवकर संपणार, तेव्हा एक डोळा नातीच्या लग्नासाठी राखून ठेवायचा, असा त्यांचा हिशेब. त्यांचं बघून आणखी वीस जणांनी एकेक डोळा मिटला. पाववाली म्हातारी डोळ्याखाली तळहात धरून चालत होती, भिंग गळून पडलं तर झेलता यावं म्हणून. सुतार सगळ्यांना सांगत होता की कुठलीही काच कधी ना कधी निखळतेच, हा त्याच्या धंद्यातला अनुभव आहे.

बाई पायऱ्यांवर उभ्या राहून घसा फोडून ओरडल्या, "भिंगाला मुदत नसते! जन्मभर टिकतं!"

"डॉक्टर असंच म्हणणार," पोस्टमनकाका मागे वळून लोकांना म्हणाले. "मामाला स्वतःला अनुभव आहे." आणि सगळ्यांनी माना डोलवल्या. बाईंनी अभ्यासात घालवलेली सगळी वर्षं एका बाजूला आणि मामाची दोन भिंगं एका बाजूला, अशी तुलना झाली आणि मामा जड भरला.

ट्रॉली ढकलायची बंदी होती, तरी मामा तेव्हा सवयीने आत व्हरांड्यात ट्रॉलीशेजारी उभा होता आणि जमीन दुभंगून आपल्याला पोटात घेईल तर बरं, असं मनात म्हणत होता. ट्रॉलीवर एक आजी होती. लांबच्या वस्तीवरून लेकाने तिला पाठीवर घेऊन आणलं होतं. दोन्ही डोळ्यांनी तिला काही दिसत नव्हतं. बाहेरचा गलका तिने ऐकला आणि ती ट्रॉलीवर उठून बसली.

"मला घरी ने," ती लेकाला म्हणाली. "थोडे दिवस दाखवणार आणि परत अंधार करणार, असलं दिसणं मला नको. आता कुठे अंधाराची सवय झालीय." लेकाने समजावलं, सिस्टरने समजावलं. आजी पाय खाली सोडून जमीन शोधू लागली. तिचा पाय हवेतच इकडेतिकडे फिरत होता. मामाला ते धूसर दिसलं, पण दिसलं. परवा टेबलावर घास शोधताना त्याचा हात असाच फिरला होता.

मामा ट्रॉलीजवळून निघाला आणि चाचपडत पायऱ्यांवर गेला. मधली पायरी चुकली, बाईंनी दंड धरून सावरलं.

"मुदत नसते!" तो ओरडला. "मी थाप मारली!"

फाटकाशी मिटलेले काही डोळे उघडले.

"मग तुमची भिंगं का बदलताहेत?" न्हाव्याने विचारलं.

"भिंगं नाहीतच. माझं डोळ्यांचं ऑपरेशन कधी झालंच नाही."

सुतार गर्दीतून पुढे आला. "डोळ्यांचं जाऊ दे. पाय?"

"नाही मोडले."

"एक तरी?"

"एकही नाही."

सुताराचा चेहरा असा पडला, जसा काही त्याचाच पाय पुन्हा मोडला. "खांद्यातली पट्टी?" "नाही." "ताप?" "तोही नाही." प्रत्येक 'नाही'बरोबर गर्दीतून कुणीतरी 'अरेरे' म्हणत होतं, माणूस निरोगी निघाल्याचं इतकं दुःख कुणी कधी पाहिलं नसेल.

"माझ्या धाकट्याच्या वेळी तू सात मुलांचा बाप होतास!" पोस्टमनकाका म्हणाले.

"एकच आहे," मागून मामीचा आवाज आला. ती कधी येऊन उभी राहिली कुणास ठाऊक. "मला विचारा, मी घरातच असते."

 मामा मान खाली घालून उभा होता. आता शिव्या येतील, दगड येतील, निदान पाववाली तरी काहीतरी फेकून मारेल, असं त्याला वाटत होतं. शेवटी न्हाव्याने विचारलं, "म्हणजे तुम्हाला कधी सुईसुद्धा लागली नाही?"

"नाही रे."

"आम्हाला हसत हसत आत ढकललंत आणि स्वतः कोरडे?"

"हो."

न्हाव्याने सुताराकडे पाहिलं. सुताराने पोस्टमनकाकांकडे पाहिलं. "मग आज लागेल," सुतार म्हणाला.

त्यानंतर काय घडलं ते इतकं झटपट घडलं की मामाला बूट काढायलाही सवड मिळाली नाही. चौघांनी उचललं, ट्रॉलीवर आडवं केलं. बाई म्हणाल्या, "अहो, आधी त्या आजींची पाळी आहे." तर आजी आतून ठसक्यात म्हणाली, "आधी त्याला न्या. जिवंत बाहेर आला तर मी जाईन. नाहीतर मी घरी." आता काही इलाजच राहिला नाही. मामा नाही म्हणाला असता तर आजीही गेली असती, आणि हे त्याला समजत होतं, म्हणून त्याने नाही म्हटलं नाही. त्याने फक्त मामीचा हात इतका घट्ट धरला की तिची बांगडी वाकडी झाली.

सिस्टरने तपासण्या उरकल्या, औषधं घातली, लोक तोवर व्हरांड्यात ताटकळत उभे राहिले. मग ट्रॉली सुताराने ढकलली. तो मुद्दाम सावकाश ढकलत होता. छतावरचे हूक एकेक करून मागे पडत होते आणि मामाने ट्रॉलीची कड घट्ट धरली होती. अर्ध्या वाटेवर त्याने सगळ्या लोकांना तो प्रश्न विचारला, जो आजवर त्याला सगळे विचारत आले होते.

"दुखतं का हो?"

झालं, सगळे एकदमच बोलू लागले. न्हावी म्हणाला, अजिबात नाही. पोस्टमनकाका म्हणाले, थोडं चुरचुरतं, खोटं कशाला सांगू? पाववाली म्हणाली, मला तर निळं निळं दिसलं, फार छान होतं. कुणी म्हणालं थंड लागतं, कुणी म्हणालं कान गरम होतात. दोघांचं तर आपसात भांडण जुंपलं. या गदारोळात मामा घाबरायचंच विसरला. तो ऐकण्यात गुंतलेला असतानाच मोठं दार उघडलं आणि मिटलं.

आत काय झालं ते बाईंनी कुणाला सांगितलं नाही. सिस्टरच्या मनगटावर मात्र चार दिवस बोटांचे वळ होते. बाहेर आला तेव्हा मामाच्या एका डोळ्यावर पट्टी होती आणि दुसऱ्यातून पाणी वाहत होतं. आजीने कान टवकारून विचारलं, "आला का? जिवंत आहे?"

"आहे की आजी," मामा म्हणाला आणि मोठ्यांदा रडू लागला. आजी म्हणाली, "एवढ्या जोरात रडतोय म्हणजे चांगलाच जिवंत आहे. चला, मला न्या."

पुढे दुसरा डोळाही झाला. बाईंनी तपासून ट्रॉली परत मामाच्या हाती दिली. त्या दिवशी मामा नवे कपडे घालून आला होता. भिंतीवरचं बाळ त्याला इतक्या वर्षांनी स्वच्छ दिसलं आणि रंगाऱ्याने त्याला सहा बोटं काढली आहेत हेही कळलं. ट्रॉलीवर परगावचा एक धिप्पाड शेतकरी होता, चादरीखाली पानासारखा कापत होता. मामाने छाती फुगवली. आज त्याच्याकडे सांगायला खरी गोष्ट होती, जन्मातली पहिली.

"मामा," शेतकऱ्याने अपेक्षेप्रमाणे विचारलं, "तुमचं झालंय का?"

"झालंय!" मामा खाली वाकून म्हणाला. "दोन्ही डोळ्यांचं! इथेच! याच दारातून!"

शेतकऱ्याने मान वळवून त्याच्याकडे नीट पाहिलं. मग त्याचे ओठ हलले, मग गाल, मग सगळी ट्रॉली गदगदू लागली. "म्हणजे ते मामा तुम्हीच!" तो हसता हसता म्हणाला. "आमच्या गावात सांगूनच पाठवलंय, तिथे एक मामा आहे, त्याचं एक अक्षरही खरं धरू नकोस म्हणून!"

"अहो, शपथेवर सांगतो! सुतारालाच विचारा! ही भिंगं बघा!" मामाने खालची पापणी ओढून दाखवली. ते पाहून शेतकरी पोट धरून हसू लागला. "सिस्टर, तुम्ही सांगा यांना!" मामा काकुळतीला आला.

सिस्टरने शेतकऱ्याकडे पाहिलं. तो आता अजिबात कापत नव्हता. मग तिने दुसऱ्या डोळ्याच्या वेळचे मनगटावरचे वळ बाहीखाली झाकले आणि सरळ चेहऱ्याने म्हणाली, "मला काही माहीत नाही बाई." ट्रॉली तिच्या हातात गेली आणि दार मिटलं. मामा बाहेर हात चोळत उभा राहिला, आणि आतून त्या शेतकऱ्याच्या हसण्याचा आवाज बराच वेळ येत राहिला.